डिसेंबरच्या हजेरीतलं नाव

खडखड करत राजम्याच्या पातेल्याचं झाकण उडायला लागलं आणि एलोदियाआत्या वाक्य अर्धवट टाकून उठली.

"आत्या, बस ना गं! मी बघते."

"तू बघशील आणि तळाला लागेल." पळी घेऊन आत्या गॅसपाशी पोचलीसुद्धा.

मारिसेलाने रेकॉर्डर बंद केला. सकाळपासून सहाव्यांदा. एकदा शेजारच्या ओरालियाचा फोन, एकदा औषध, एकदा नुसतंच 'थांब, माझे केस नीट नाहीत.' आवाजाच्या यंत्राला केस दिसत नाहीत हे समजावण्यात दहा मिनिटं गेली होती.

आज शनिवार. सोमवारी आत्याच्या घशाचं ऑपरेशन. आवाज राहील की जाईल, डॉक्टर काही बोलत नव्हते. एकोणसत्तरच्या डिसेंबरात या गावच्या शाळेतून मेक्सिकन पोरं गोऱ्यांच्या भेदभावाविरुद्ध वर्ग सोडून बाहेर पडली, तेव्हा आत्या सतरा वर्षांची होती. त्या दिवसाची गोष्ट तिच्यासारखी सांगणारं आता कुणी उरलं नव्हतं. लायब्ररीला ती हवी होती. मारिसेलाला त्याहून जास्त हवी होती, कारण त्या दिवशी तिचे पप्पा, चेमा, आपल्या या बहिणीचा हात धरून सगळ्यांच्या पुढे चालले होते. पप्पांना जाऊन तीन वर्षं झाली. दर डिसेंबरात शाळेच्या फाटकाशी त्या पोरांची हजेरी घेतात. जे गेले, त्यांच्या नावाला घरचं माणूस 'हजर' म्हणतं. गेल्या वर्षी मारिसेलाची पाच वर्षांची लेक नायेली आजोबांच्या नावाला इतक्या जोरात ओरडली की लोकांनी टाळ्या वाजवल्या.

आत्या परत येऊन बसली. यंत्र चालू झालं आणि तिच्या अंगात पुढारी संचारला.

"आम्ही चिकानो, म्हणजे मेक्सिकन वंशाच्या अमेरिकन विद्यार्थ्यांनी, आमच्या न्याय्य हक्कांसाठी, एकजुटीने…"

"आत्या, हे पत्रक झालं! घरात सांगतेस तसं सांग."

"ते काय लायब्ररीत ठेवायचं असतं? लोक काय म्हणतील?"

"हे ऐकून लोक झोपतील."

"तू लहानपणापासून अशीच. उर्मट."

मारिसेलाने हात टेकले आणि यंत्र बंद केलं. "नको सांगूस. ऊठ, तोर्तिया लाटू." तिने रेकॉर्डरवर रुमाल टाकला. टाकताना गुपचूप बटण दाबून तो पुन्हा चालू केला.

लाटणं हातात आलं तशी आत्याची जीभ सुटली. स्पॅनिश शब्द तोंडातून निघाला की हातावर बसणारी फळी. मावसबहिणीचा कोट, त्याला एकच बटण. दहाची घंटा, सगळे वर्ग एकाच हॉलमध्ये.

"उठले तर माझा बाक असा किंचाळला! मागे पाहिलं. चेमा बसलेला."

मारिसेलाच्या हातातला उंडा तसाच राहिला. "बसलेला म्हणजे?"

"म्हणजे बसलेला. आई पालकाच्या भाजीच्या कारखान्यात डबे भरायची. मुकादमाने सांगून ठेवलेलं, ज्यांची पोरं उठतील त्यांनी उद्या येऊ नये. आई म्हणाली, एकच उठा. एक बसलेलं असलं तर मला काहीतरी बोलता येईल. चेमा म्हणाला, तू जा, तुझा आवाज मोठा. पंधरा वर्षांचं पोर. आमचे सगळे उठले, आणि हा गोऱ्या पोरांत एकटा, वहीत मान घालून."

"आणि इतकी वर्षं आम्हाला हात धरल्याचं सांगत आलीस? पप्पासुद्धा?"

"त्याने कधी सांगितलं? आठव बरं. मी सांगायचे. तो ताटात बघून जेवायचा."

मारिसेलाला आठवलं. खरंच, ताटातच बघायचे.

"मग का सांगायचीस?"

"तो उठला असता तर मला बसावं लागलं असतं. त्याला मागे ठेवून गोष्ट सांगायला माझी जीभ वळेना."

"आणि आत्ता? आत्ता सुचलं तुला? ऑपरेशनच्या तोंडावर?"

"सोमवारनंतर कुणाला सांगू? आणि तो रुमाल उचल. लाल दिवा दिसतोय त्यातून. आंधळी नाही मी."

मारिसेलाचे कान तापले. "पुसून टाकू का हे?"

"यंत्र तुझं, बाप तुझा. मी पुन्हा सांगणार नाही. तवा तापलाय, टाक."

तिने तोर्तिया टाकली. ती फुगली, फुगून करपली, तरी उलटायचं सुचेना. सकाळपासून घसा कोरडा करून हीच खरी गोष्ट मागत होती ना ती? आता मिळाली, तर आत्याच्या डोक्यात लाटणं घालावंसं वाटत होतं.

टेबलाखाली पिठाच्या गोळ्याचा उंदीर करत बसलेली नायेली बाहेर आली. नाकाला पीठ. तिने रुमालाकडे पाहिलं, मग आईकडे.

"आई, मग डिसेंबरमध्ये आजोबांचं नाव घेतलं की मी हजर म्हणायचं की नाही?"