बस गेली कुठे

आमचे हे बस चालवतात आणि मी अख्ख्या शहराची वाहतूक चालवते, पण कॉम्प्युटरच्या पडद्यावर. खऱ्या रस्त्यावर सिग्नलची वेळ बदलायची असली की आधी ती माझ्या पडद्यावर बदलायची, मुंग्यांसारख्या गाड्या सोडायच्या आणि कुठे तुंबतं ते बघायचं. वाहतूक खात्यात मी टायपिंगला लागले होते. हे सगळं शेजारच्या टेबलावर डोकावत शिकले. ह्यांना त्याचं फार कौतुक. नातेवाइकांत सांगतात, आमच्या हिने मनात आणलं तर गावभर लाल दिवा लागेल.

ते कौतुक परवा आटलं. डेपो मॅनेजरने ह्यांना विचारलं, दुपारची फेरी रोज उशिरा का येते? हे म्हणाले, पुलाजवळच्या चौकात अडकतो. मॅनेजरने वाहतूक खात्याचा अहवाल पुढे सरकवला. त्यात तो चौक दुपारी मोकळा. अहवाल माझाच. सोमवारपर्यंत नीट खुलासा द्या, नाहीतर बस काढून घेऊन गेटवर बसवतो, असं मॅनेजरने ऐकवलं.

ह्यांनी घरी येऊन चपला काढल्या आणि एवढंच म्हणाले, "तुझ्या पडद्याने मला खोटं पाडलं." मग जेवायला बसले. सासूबाईंनी मीठ कमी पडलंय का म्हणून दोनदा विचारलं.

मी पुरती गोंधळले. ह्यांना खोटं म्हणावं, तर इतक्या वर्षांत ह्यांना धड एक थाप मारता आलेली नाही. माझ्यासाठी लपवून काही आणलं तरी दारातच सांगून मोकळे होतात. पडद्याला खोटं म्हणावं, तर आकड्यांवर विश्वास ठेवा असं मीच लोकांना सांगत फिरते. पण मन मोठं वाईट असतं. रोजचा तो मधला वेळ मग जातो कुठे? सासूबाईंना हळूच विचारलं, पुलाच्या बाजूला ह्यांचं कुणी ओळखीचं राहतं का. त्या म्हणाल्या, "ओळखीचं कोण असणार? लग्नात स्वतःच्या मामालासुद्धा ओळखलं नव्हतं त्याने."

दुसऱ्या दिवशी ऑफिसात मी पडद्यावर दुपार लावली आणि ह्यांची बस तेवढी धरून बसले. डोळ्यांत भरावी म्हणून तिला तांबडी रंगवली. थांबे घेत घेत ती पुलाजवळ आली, रांगेत उभी राहिली आणि उभीच राहिली. मला हायसं वाटलं. अडकतात तर खरे! पाणी पिऊन मान वर केली, तर बस नाही. पुढच्या रस्त्यावर नाही, मागच्या रस्त्यावर नाही. पुन्हा दुपार लावली. पुन्हा तशीच उभी राहिली आणि डोळ्यांदेखत गडप झाली, आतल्या माणसांसकट.

शेजारच्या चष्मेवाल्या इंजिनियर मुलीला बोलावलं. तिला काहीच नवल वाटलं नाही.

"काकू, ती उचलली असेल. गाडी फार वेळ हलली नाही की प्रोग्रॅम उचलून टाकतो. नाहीतर सगळंच अडकून बसतं, अहवाल वेळेत निघत नाही."

"आणि ठेवतो कुठे?"

"कुठेच नाही."

आमच्या ऑफिसची ही रीतच होती. प्रोग्रॅम मलाही तसाच लावलेला मिळाला होता आणि त्यात काही वावगं असेल असं कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. वेळेची सरासरी काढायची ती फक्त पोचलेल्या गाड्यांची; उचललेल्या हिशेबातच नाहीत. म्हणजे चौक जितका जास्त तुंबणार, तितका आमच्या अहवालात मोकळा दिसणार. हसावं की रडावं तेच कळेना.

मी ते उचलणं बंद केलं आणि पुन्हा दुपार लावली. आता बस नाहीशी होईना, पण पुढेही सरकेना. आडव्या रस्त्याच्या गाड्या हिच्या वाटेत, ही त्यांच्या वाटेत. मी डबा खाऊन आले, तरी तेच. पडद्यावर संध्याकाळ झाली आणि हे अजून पुलाजवळच. पण हे तर रोज घरी येतात! उशिरा का होईना, येतात. म्हणजे हेही खोटं.

सोमवारी पडद्यावरच्या त्या दोन्ही दुपारी लॅपटॉपवर घेऊन मी डेपोत गेले. हे बाहेर बाकावर बसले होते, माझ्याकडे बघेनात. मॅनेजरला मी आधी मोकळा चौक दाखवला, नाहीशी होणारी बस दाखवली, मग गच्च चौक दाखवला. त्याने चष्मा काढून पुसला.

"बाई, यातलं खरं कोणतं?"

"एकही नाही."

"मग मी करू काय?"

ते मलाही ठाऊक नव्हतं. म्हटलं, तो अहवाल चुकीचा आहे, मी आजच मागे घेतेय. त्याच्या भरवशावर कुणाची बस काढू नका. त्याने गच्च चौकातल्या तांबड्या बसवर बोट ठेवलं. मग ह्यांना आत बोलावलं.

"यात तर तुम्ही अजून पोचलेलाच नाहीत. रोज सुटता कसे तिथून?"

ह्यांनी डोकं खाजवलं. "सुटतो बुवा. कसा ते नाही सांगता येणार."

मी मनातल्या मनात कपाळावर हात मारला. पण मॅनेजरला त्यातून काय उमगलं कोण जाणे, तो म्हणाला, फेरी तुमच्याकडेच राहू दे, उद्या मीच मागे बसून येतो.

फाटकाबाहेर आल्यावर हे माझ्याकडे न बघता म्हणाले, "मी कुठेतरी जातो असं वाटलं होतं ना तुला?" सासूबाईंच्या पोटात काही राहत नाही, हे मी विसरलेच होते.

"वाटलं होतं," मी म्हटलं. "थोडंसं."

"अगं, भरलेली बस घेऊन जाणार कुठे होतो मी?"

"अहो, तेच तर मला कळत नव्हतं."