दुसरं निळं फाटक

निळं फाटक आमचं. हे आधीच सांगून ठेवते, कारण यंदाच्या हंगामात हे वाक्य मला इतक्या लोकांना ऐकवावं लागलं की घसा बसायची वेळ आली.

शहरातून आमच्याकडे येणारा रस्ता चढाचा आहे. दोन्ही बाजूंना द्राक्षबागा, मध्ये वळणं, आणि चढ संपतो तिथे डाव्या हाताला आमचं जुनं घर. घराखाली तळघर, तळघरात लाकडी पिंपं, आणि अंगणाच्या कडेला एक खोली. त्या खोलीत मी आलेल्या माणसांना आमची वाइन चाखायला देते. येणारी माणसं सगळी सायकलवरची. शहरात एक बाई सायकली भाड्याने देते, तिला आम्ही सायकलवालीच म्हणतो. तिच्या सहलीत वाटाड्या नसतो. सायकल, पाण्याची बाटली आणि एक छापील कागद हातात द्यायचा आणि म्हणायचं, जा, आपलं आपण फिरा. टेकड्यांमध्ये मोबाइल चालत नाही, म्हणून कागद. त्यावर आमच्याबद्दल एवढंच आहे: 'चढ संपला की डाव्या हाताला निळं फाटक. बेल वाजवा.'

एवढ्याशा मजकुरावर माझी खोली चालते. आमची बाकीची द्राक्षं मोठ्या कारखान्यात जातात आणि तिथे ती कोणाच्या बागेतली हे कोणी विचारत नाही. आमची वाइन आमची म्हणून कोणी पीत असेल, तर ती ही घामाघूम झालेली माणसं. कोणी आल्या आल्या सायकल टाकून अंगणातल्या गवतावर आडवं होतं. कोणी ग्लास नाकाशी धरून डोळे मिटतं, जणू परीक्षेलाच बसलंय. नवरा-बायको असले तर चढावर सुरू झालेलं भांडण पहिला ग्लास संपेपर्यंत चालू राहतं. मला ती सगळी आवडतात.

तर यंदा हंगाम सुरू झाला आणि माणसं येईनात. माडीच्या खिडकीतून मला सायकली खालच्या वळणापर्यंत येताना दिसायच्या, आणि वळणाच्या अलीकडे काही निघायच्या नाहीत. मी ग्लास धुवायची, पुसायची, उपडे घालायची, पुन्हा धुवायची. नवरा म्हणाला, चढाला घाबरून परत जात असतील. त्याला प्रत्येक गोष्टीचं असं झोपेला सोयीचं कारण सापडतं.

मग एका दुपारी एक जोडपं आलं, गालांवर चांगली लाली चढलेलं. त्यातल्या गृहस्थांनी फाटकाकडे बघून विचारलं, हेही निळंच का? खालच्या निळ्या फाटकात जाऊन आलो आम्ही. तिथल्या बाईंनी पाजली. फार प्रेमळ बाई.

प्रेमळ बाई! खालच्या वळणावर माझ्या थोरल्या दिरांचं नवं घर आहे. तिथली बाई म्हणजे माझी जाऊ.

त्या जोडप्याला तिथेच बसवून मी रस्ता उतरले. दिरांचं फाटक घर बांधल्यापासून करडं होतं; माडीच्या खिडकीतून ते दिसत नाही. आता ते निळं होतं, आणि निळं तरी कसलं, आमच्याच निळ्याचं. आबा, म्हणजे माझे सासरे, डब्यातल्या निळ्यात थोडा पांढरा कालवायचे. म्हणायचे, फाटक लांबून दिसलं पाहिजे, पण डोळ्यांत घुसता कामा नये. दरवर्षी छाटणी झाली की ते स्वतः ब्रश घेऊन बसत. हे कालवणं घराबाहेर कोणाला ठाऊक असणार? फाटकाच्या आत झाडाखाली टेबल मांडलेलं, दोन खुर्च्या, टेबलावर बाटली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हा. आणि सायकलवाल्यांना तरी काय बोल लावणार? दमलेल्या माणसाला चढ संपला असं कुठेही वाटतं. त्यातून डाव्या हाताला निळं फाटक दिसलं की तो बेल वाजवणारच.

घरी येऊन नवऱ्याला सांगितलं. माझा नवरा म्हणजे देवमाणूस, म्हणजे कुठल्याच भांडणात काही कामाचा नाही. रंगच तो, उन्हानं उडेल, म्हणाला, आणि तळघरात निघून गेला. मी घरातल्या तारेच्या फोनवरून सायकलवालीला फोन लावला. ती साखरेत घोळल्यासारखं बोलते. म्हणाली, तुम्ही दोघींनी ठरवा, कोणीतरी एकीनं रंग बदला आणि मला कळवा, मी कागद नवा छापून घेते. मी का बदलू? मी लग्न होऊन आले तेव्हा याच फाटकातून आत आले, आणि तेव्हाही ते निळंच होतं.

मग मी एक फळी घेतली, तिच्यावर मोठ्या अक्षरांत लिहिलं, 'खरं निळं फाटक वर आहे', आणि ती दिरांच्या फाटकासमोर रस्त्यापलीकडे ठोकली. लोक तिच्याशेजारी उभं राहून फोटो काढायचे आणि खालच्या फाटकात शिरायचे.

आबांचं सांगायला हवं. वाटण्या झाल्या तेव्हा जुनं घर आणि वरची बाग आमच्याकडे आली, खालची बाग दिरांकडे. आबा आमच्याकडेच राहिले. आमच्या झोपायच्या खोल्या माडीवर, जिना उभा. गेल्या थंडीत आबा त्यावरून घसरले. डॉक्टरांनी जिना बंद करायला सांगितलं आणि दीर त्यांना आपल्या घरी घेऊन गेले, तळमजल्यावरच्या खोलीत. मी म्हणत होते, चाखायच्या खोलीत त्यांचा पलंग टाकते. तिथे ओल आहे म्हणून कोणी माझं ऐकलं नाही.

आबांना आताशा बाग सगळी आठवते, माणसं आठवत नाहीत. कुठल्या ओळीतली वेल कधी लावली ते सांगतील आणि थोरल्या मुलाला विचारतील, आपण कोण? रोज सकाळी ते बागेत जात आणि संध्याकाळी वरच्या बागेतून उतरले की सरळ आमच्या फाटकातून आत येत. दाराशी बाकावर बसत. "आलो गं पोरी," म्हणत. मी पाणी देई. मग दीर गाडी घेऊन येत आणि आबा जायला तयार नसत. बाकाची कड धरून बसत. मला तेव्हा बरं वाटायचं, उगाच खोटं कशाला बोलू? एकदा मी दिरांना म्हटलंही, "पायांना घर कळतं, भाऊजी."

खालचं फाटक निळं झाल्यापासून आबा कधी यायचे, कधी यायचेच नाहीत. मला वाटलं, कोंडून ठेवत असतील. गिऱ्हाईकं पळवली ती पळवली, आता म्हाताऱ्यालाही अडकवलं. रात्रंदिवस माझ्या अंगाचा नुसता तिळपापड.

त्या दिवशी ऊन कलायला लागलं होतं. मी फाटकात उभी राहून खालच्या सायकली मोजत चडफडत होते. आबा बागेतून रस्त्यावर उतरले. आमच्या फाटकापाशी आले, थांबले, आणि तिथून त्यांना खालचं फाटक दिसलं. ते चार पावलं खाली गेले. मागे वळून आमच्या फाटकाकडे बघितलं. पुन्हा खाली बघितलं. आणि रस्त्याच्या ऐन मध्ये, दोन्हींच्या अधेमधे उभे राहिले. टेकडीपलीकडून परतणारा एक तरुण उतारावर सायकल सोडून येत होता. त्यानं घंटी वाजवली, मी ओरडले, आबा हलले नाहीत. सायकल त्यांच्या बाहीला घासून बाजूच्या चरात गेली.

त्या तरुणाचं कोपर सोलवटलं, पुढचं चाक वाकलं. बिचारा उठून आबांचीच क्षमा मागायला लागला. मी वरून धावले, जाऊ खालून धावत आली. एक हात मी धरला, एक तिनं.

"दोन कशी झाली?" ते म्हणाले. "एकच होतं. मीच रंगवलं होतं."

मी जावेकडे बघितलं. "बघितलंत, वहिनी? चार बाटल्या खपाव्यात म्हणून काय करून ठेवलंत ते?"

"बाटल्यांसाठी नाही रंगवलं," ती म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, त्यानं मी जास्तच भडकले. "ते आमच्याकडे आतच येईनात. फाटकाशी उभे राहायचे आणि मला विचारायचे, बाई, हे कोणाचं घर? तुझ्या भाऊजींनी हाताला धरलं तर ओरडायचे, चोर म्हणायचे. रोज रात्री आपल्या मुलाला चोर. फाटक निळं केलं त्या दिवशी खालच्या बागेतून आले ते आपल्या पायांनी आत आले. पोटभर जेवले. झोपले."

"मग मला सांगायला काय झालं होतं?"

"तू काय म्हणाली असतीस?"

मी काय म्हणाले असते ते मला चांगलंच माहीत होतं. तिलाही माहीत होतं, कारण 'पायांना घर कळतं' हे मी दिरांना एकदा ऐकवलंच होतं. याचा मला आणखी राग आला. म्हणून टेबलाचं विचारलं. जाऊ म्हणाली, सगळ्यांना सांगते, वर जा, ते घर वर आहे. ती माणसं हो हो म्हणतात आणि खुर्चीत बसतात. दमून आलेल्याला उठवू का?

तोवर दीर आले. त्यांनी चरातली सायकल काढली, वाकलेलं चाक हातानं फिरवून बघितलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "उद्या करडा लावतो परत. तू फळी काढ."

झालं. जिंकले मी. सायकली माझ्या, फाटक माझं, संध्याकाळी बाकावर येऊन बसणारे आबा माझे. आणि अंधार पडला की दीर येणार, आबा बाकाची कड धरणार, दीर बोटं सोडवणार, आणि आबा आपल्या मुलाला चोर म्हणत त्या करड्या फाटकातून आत ओढले जाणार. ठेवून घेईन म्हटलं तर माझ्याकडे तो जिना आणि ती ओल. दिरांनी भांडायचं सोडून एका वाक्यात सगळं माझ्या पदरात टाकलं, याची मला इतकी चीड आली की मी घरी येऊन ग्लासांच्या फडताळाचं दार आपटलं आणि एक ग्लास फोडला.

सकाळी मी अडगळीतून रंगाचा डबा काढला. खिडक्यांना आणलेला पिवळा उरला होता. नवरा मागून आला. मला वाटलं, आता हा म्हणणार, राहू दे, उन्हानं उडेल. तो म्हणाला, "आबांचा रंग खरवडायचा?"

"नाही. त्याच्यावरून देऊ," मी म्हटलं.

त्यानंही ब्रश घेतला. मी वरच्या पट्ट्या रंगवत होते आणि रागानं हात चालत होता. दिरांचा राग, कारण ते बरोबर होते. जावेचा, कारण तिनं मला ओळखलं होतं. डॉक्टरांचा, जिना बांधणाऱ्याचा, सायकलवालीचा. नवरा खाली बसून खालची पट्टी रंगवत होता आणि मान वर करत नव्हता. एकदा मी वाकून बघितलं तर तो एकाच जागेवरून ब्रश फिरवत होता.

नवऱ्याला खाली धाडलं, करडा लावू नका म्हणून सांगायला आणि फळी काढून आणायला. मग सायकलवालीला फोन केला. "पिवळं छापा," म्हटलं. ती म्हणाली, कायमचं ना? सारखे कागद बदलता येत नाहीत. मी म्हटलं, कायमचं.

संध्याकाळी आबा वरच्या बागेतून उतरले. मी फाटकातच उभी होते. त्यांची पावलं सवयीनं आमच्याकडे वळली आणि फाटकासमोर थबकली. त्यांनी फाटकाकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"बाई, निळं फाटक कुठेसं आहे हो? आमचं घर आहे तिथे."

मागे अंगणात बाक होता. त्यावर पाण्याचा तांब्या भरून ठेवलेला होता, मीच ठेवला होता, सवयीनं.

"असंच खाली जा," मी म्हटलं. "उजव्या हाताला लागेल."

ते निघाले, पुन्हा थांबले. "तुम्ही इथे नवीन राहायला आलात वाटतं?"

या घरात माझे केस पांढरे झाले. या माणसानं मला पिंपाला कान लावून आतली वाइन ऐकायला शिकवलं.

"हो," म्हटलं. "नवीनच."

त्यांनी बोटाच्या टोकानं ओला रंग चाचपला आणि नाक मुरडलं. "डोळ्यांत घुसतोय. थोडा पांढरा कालवायचा."

मग ते खाली गेले. मी रस्त्यात जाऊन उभी राहिले. खालच्या फाटकात जाऊ वाट बघत होती. आबांनी तिला काही विचारलं नाही, फाटकावरून हात फिरवला आणि आत गेले. जावेनं वर बघून हात हलवला. मी हलवला नाही. माझा राग अजून गेलेला नव्हता, आणि आजही तो पुरता गेला आहे असं मी म्हणणार नाही.

दुसऱ्या दिवशी त्या पिवळ्यात मी थोडा पांढरा कालवला आणि फाटकाला दुसरा हात दिला.