हाकेला ओ

मथुराबाईंनी तव्यावरची भाकरी उचलली आणि दुरडीत अशी आपटली की तिचा पापुद्राच फाटला. खालून हाक आली होती.

"भैरूऽऽ! जेवाय ये रंऽऽ!"

आली! मरून इतकी वर्षं झाली, पण सासूबाईंची वेळ काही चुकत नाही.

संक्रांत सरली की पुण्यात परतीचे दिवस लागत. जुने आवाज आपापल्या जागी येऊन पुन्हा वाजत. कसबा पेठेत बंद पडलेल्या दुकानांतून तांब्यावर हातोडे पडत, हडपसरला पाडलेल्या गोठ्यांतून गुरं हंबरत. पंधरवड्यात सगळं निवे. लोकांना त्याचं काहीच वाटत नसे. कानात कापूस घालून आपापल्या कामाला लागत. हाक मात्र वेगळी. ज्याच्या नावानं हाक, त्यानं त्या जागेवर जाऊन ओ दिली की ती कायमची थांबे. शहाणी माणसं पहिल्याच वर्षी ओ देऊन मोकळी होत.

पण शहाणपणाचा आणि मथुराबाईंच्या नवऱ्याचा संबंध काय? धायरीतल्या त्यांच्या जमिनीवर ही सोसायटी उभी राहिली, त्यांना तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट मिळाला, जुन्या घराच्या अंगणाचं पार्किंग झालं. आणि भैरूआबा परतीच्या दिवसांत रोज संध्याकाळी तिथं जाऊन कुणाच्या तरी स्कूटरवर बसत. आईची हाक ऐकत. ओ काही देत नसत. सावकाश वर येत तोवर भाकरी गार, कालवण गार, आणि मथुराबाई उपाशी. नवऱ्याच्या आधी जेवायचं नाही ही लग्नापासूनची खोड त्यांना अजून मोडता आली नव्हती.

त्यात हाक मारणारी कोण, तर तुळजाबाई! लेकाला अशी गळा काढून हाक, आणि सुनेला नुसतं "ए पोरी", तेही तोंड वाकडं करून. "जेवलीस का" एवढं त्या बाईनं कधी चुकून विचारलं असेल तर शपथ.

बेल वाजली. दारात यज्ञेश्वर, सोसायटीचे अध्यक्ष.

"अहो मथुराबाई, आपल्या सासूबाईंना एक निरोप द्याल का? रोज या वेळेला आमच्या सूनबाईंची ऑफिसची मीटिंग असते. परदेशातली माणसं विचारतात, भैरू जेवला की नाही अजून?"

"मी सांगते त्यांना."

"आपण गेल्या वर्षीही हेच म्हणाला होतात," म्हणून ते जिना उतरले.

मथुराबाईंचं डोकं सणकलं. भैरूआबा वर येऊन ताटावर बसले तशी त्यांनी तोफ डागली.

"उद्या ओ द्या. न्हाईतर मी चालले सासवडला, भावाकडं. आन् परत यायची न्हाई."

भैरूआबांचा हात भाकरीवरच थांबला.

"एकदा ओ दिली की संपलं, मथुरा. पुन्यांदा आयेचा आवाज कानावर पडायचा न्हाई."

"न पडू दे की! जितेपनी माझ्या चुलीत नाक खुपसलं, मेल्यावर तरी सोड म्हनावं."

त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला. मग म्हणाले, "बरं."

इतक्या लवकर "बरं"? मथुराबाईंचा विश्वासच बसेना. दुसऱ्या दिवशी त्यांनी पीठ मळून झाकून ठेवलं आणि नवऱ्याच्या मागोमाग स्वतः खाली उतरल्या. या वेळी त्या कधीच खाली आल्या नव्हत्या. ही वेळ भाकरीची.

भैरूआबा स्कूटरवर बसले. मथुराबाई कमरेवर हात ठेवून समोर उभ्या राहिल्या.

"भैरूऽऽ! जेवाय ये रंऽऽ!"

वरच्या खिडक्या धडाधड लागल्या. मथुराबाईंनी नवऱ्याला डोळ्यांनी खूण केली, द्या ओ. पण त्यांनी बोट ओठांवर ठेवलं. आणि तुळजाबाईंचा आवाज पुन्हा आला, आता खालच्या पट्टीत, जवळ आलेल्या माणसाशी बोलावं तसा.

"आलास? हातपाय धू. आन् बोलत बसू नगंस, आधी घास घे. ती पोर सकाळधरनं उपाशी हाय, तू खाल्ल्याबिगर खायाची न्हाई. मी म्हनलं आसं सांगू नगंस तिला. डोक्यावर बसंल."

मथुराबाईंचा हात एकदम पुढे झाला, नवऱ्याच्या तोंडावर धरायला.

"आलो गं, आये," भैरूआबा बोलून गेले होते.

पार्किंगमध्ये सगळं शांत झालं. दुसऱ्या मजल्यावरची खिडकी उघडली.

"आभारी आहोत!" यज्ञेश्वर म्हणाले.

"गप बसा वो तुमी!" मथुराबाई वर बघून ओरडल्या. खिडकी लागली. त्या नवऱ्याकडे वळल्या. "मला का न्हाई सांगितलं कवा?"

"आयेनं सांगू नगं म्हनलं हुतं."

"आन् ओ कशाला दिली?"

"तू म्हनलीस म्हनून."

त्यांना या माणसाला बडवून काढावंसं वाटलं.

"तिचं बी ऐकलं, माझं बी ऐकलं! आवं, कवातरी कुनाचं ऐकू नये मानसानं!"

भैरूआबा खाली बघत म्हणाले, "चल वर. तुला भूक लागली आसंल."

"लागू द्या," मथुराबाई पदरानं नाक पुसत म्हणाल्या. "सरका वाईच तिकडं."

आणि त्या स्कूटरवर त्यांच्या शेजारी बसल्या.