अकरा सेकंद

मित्रांनो, मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे. माझ्या अंगावरची ही भेग मी हातातून निसटल्यामुळे पडलेली नाही. मला एका माणसाच्या कपाळावर हाणले होते.

कारखान्यात बायकांनी चिमट्याने माझे इवले स्क्रू बसवले. तिथून मी लग्नाचे शूटिंग करणाऱ्या एका फोटोग्राफरकडे आलो. नऊ वर्षे मी माणसे फक्त नटलेली आणि हसरी पाहिली. "हा माझा घोडा कधी दगा देत नाही," असे तो चारचौघांत सांगे. मग नवा कॅमेरा आला आणि मी चपलांच्या खोक्यात धूळ खात पडलो.

तिथून मला एका मुलीने नेले. घरी तिला ठमी म्हणत. सिनेमाचे शिक्षण संपवून तिला स्वतःच्याच घरावर माहितीपट करायचा होता. रोज ती मऊ फडक्याने माझे भिंग पुसायची. मला वाटले, पुन्हा सुखाचे दिवस आले.

घर दोन खोल्यांचे. वडील लेथ मशीनवर कामाला. कारखान्यात देवमाणूस म्हणून नाव. आईचा डावा हात कोपरात सरळ होत नसे.

एका रविवारी दुपारी ठमीने वडिलांना खुर्चीत बसवले आणि मला खांद्यावर घेतले.

"बाबा, आईचा हात कसा मोडला?"

"पडली होती. किती वेळा सांगायचं?"

स्वयंपाकघराच्या दारातून आई म्हणाली, "पडले नव्हते मी. तुम्ही पिरगळला होता."

ती असे प्रथमच बोलली. वडील उठले. केस धरून त्यांनी तिचे डोके चौकटीवर आपटले. एकदा. पुन्हा. ती खाली बसली तेव्हा बरगडीत लाथ घातली. मी सगळे टिपत होतो, कारण ठमीचा हात जराही हलत नव्हता. चित्र धूसर होऊ नये म्हणून तिने माझे भिंग किंचित फिरवलेसुद्धा.

मग ती किंचाळली. मला दोन्ही हातांनी धरून तिने वडिलांच्या कपाळावर घातले. दुसऱ्यांदाही. ते कोसळले. माझे भिंग फुटले, बटणांत रक्त शिरले. तिसऱ्यांदा तिने मला उगारले तेव्हा आईने तिचे मनगट धरले.

"बस, ठमे. तू पण नको."

वडिलांना सात टाके पडले. मायलेकी त्याच आठवड्यात घर सोडून गेल्या.

माझ्यातले चित्रण शाबूत होते. संकलन करणारा मित्र म्हणाला, "तू बघत उभी राहिलीस ते काप. मारलंस तेही. लोक तुझ्यावरच उलटतील."

"कापलं तर मीही 'पडली होती' असंच सांगितल्यासारखं होईल," ठमी म्हणाली.

माहितीपटाच्या पहिल्या खेळाला मी पडद्याशेजारी टेबलावर होतो. पडद्यावरून ठमीचा आवाज आला : "अकरा सेकंद मी फक्त चित्र नीट येतंय का, ते बघत होते."

खेळानंतर एका बाईंनी आईला विचारले, "मुलीला माफ केलंत?"

"मला हे आजच कळलं," आई म्हणाली. "तेव्हा माझे डोळे मिटलेले होते. मला वाटलं, पोर लगेच धावली."

ठमी तोंड झाकून रडू लागली. आईने आधी रिकाम्या पडद्याकडे पाहिले. मग तिने खुर्ची ठमीजवळ सरकवली.

मित्रांनो, आम्हा कॅमेऱ्यांना जपा, आमची धूळ पुसा. पण समोर कुणाला मार बसत असेल, तर आम्हाला खुशाल फेकून द्या. आम्ही फुटलो तरी चालेल. तुम्ही आधी धावा.