गाढ लहरी

प्राध्यापकांनी उभं आयुष्य एका वाक्यावर काढलं होतं: बौद्ध ध्यानात काय आणि ख्रिस्ती प्रार्थनेत काय, माणूस शेवटी पोचतो एकाच ठिकाणी. या वाक्याची त्यांनी जाडजूड पुस्तकं केली होती. बायकोने ती वाचली नव्हती. सहकारी मात्र ती वाचल्याचं छातीठोकपणे सांगत. स्वतः प्राध्यापक त्या ठिकाणी कधी गेले नव्हते. डोळे मिटून बसले की त्यांच्या पाठीत कळ यायची आणि त्यांच्या पहिल्या पुस्तकाची खिल्ली उडवणाऱ्या परीक्षकाचा चेहरा दिसायचा.

एका संस्थेने त्यांना संशोधनासाठी अनुदान दिलं, तेव्हा त्यांनी ठरवलं की आता वाद नको, पुरावाच द्यायचा. एका दवाखान्याचा मेंदूतपासणीचा विभाग रविवारी बंद असे. तो त्यांनी मागून घेतला, तिथल्या डॉक्टरीणबाईंना पटवलं आणि दोन साधक बोलावले.

एक होते भन्ते. टायरच्या दुकानावरच्या मजल्यावर त्यांचा विहार होता. लग्नं, मयती, बारशी हे सगळं उरकून उरलेला वेळ विश्वस्तांच्या दोन गटांतली भांडणं सोडवण्यात जायचा. सध्याचं भांडण लाउडस्पीकर कुठल्या भिंतीला लावायचा यावर होतं. दुसऱ्या होत्या सिस्टर. त्या कॉन्व्हेंटच्या मागच्या बाजूला म्हाताऱ्या माणसांचा आश्रम चालवत. आदल्या रात्री तिथल्या एका आजोबांनी सगळ्यांना जागं ठेवलं होतं.

हौस दोघांनाही नव्हती. "विहाराचं नाव होईल," असं विश्वस्तांनी भन्त्यांना सांगितलं होतं. सिस्टरांना मदर सुपीरियरनी काहीच सांगितलं नव्हतं, नुसता पत्ता दिला होता.

भन्त्यांच्या तुळतुळीत डोक्यावर तारा पटापट चिकटल्या. सिस्टरांनी डोक्यावरचं वस्त्र काढून, घडी करून मांडीवर ठेवलं, आणि डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या विरळ केसांत भांग पाडत पाडत एकेक तार बसवली. दोन मऊ आरामखुर्च्या, मध्ये पडदा, मंद दिवा, गार हवा.

"आता नेहमीप्रमाणे आत उतरा," प्राध्यापक पुटपुटले. "कोणीही तुम्हाला हाक मारणार नाही."

हे वाक्य दोघांनीही कित्येक वर्षांत ऐकलं नव्हतं.

काचेपलीकडे पडद्यावर रेघा धावू लागल्या. आधी त्या दाटीवाटीने थरथरत होत्या. मग हळूहळू सैल झाल्या, आणि शेवटी मोठ्या, संथ, डौलदार लाटा उमटू लागल्या. इकडे तशाच, तिकडेही तशाच. प्राध्यापकांच्या डोळ्यांत पाणी आलं.

"बघा!" ते म्हणाले. "हुबेहूब!"

"सर, ही झोप आहे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

"सामान्य माणसात याला झोप म्हणत असतील."

"भन्ते घोरतायत, सर."

"श्वासावरची साधना आहे त्यांची," प्राध्यापक म्हणाले, आणि त्यांनी तसं टिपूनही घेतलं.

तपासणी संपल्यावर दोघं बाहेरच्या बेसिनपाशी डोक्याला लागलेला चिकट लेप धूत उभे होते. सिस्टरांनी आरशात भन्त्यांकडे पाहिलं.

"झोपलात ना?"

"मेल्यासारखा. तुम्ही?"

"मलाही कळलंच नाही कधी डोळा लागला ते." सिस्टर हसल्या. "पण खरं विचारू? एरवी बसता तेव्हा काय होतं हो तुम्हाला?"

भन्त्यांनी टॉवेल खांद्यावर टाकला. "श्वास मोजतो. दोन-तीन होईपर्यंत लाउडस्पीकर आठवतो. परत पहिल्यापासून. झालं."

"एवढंच?"

"एवढंच. लोकांना वाटतं, आत काहीतरी झगमगाट असेल. तुम्हाला?"

"सुरुवातीला एकदा वाटलं होतं, कोणीतरी ऐकतंय. इतकं स्पष्ट की मी मागे वळून पाहिलं. त्याला चाळीस वर्षं होतील आता. तेव्हापासून मीच बोलतेय." त्यांनी नळ घट्ट बंद केला. "हे मी कुणाला सांगितलेलं नाही. सांगितलं तर मदर मला विश्रांतीला पाठवतील."

"मग बसता कशाला?"

"न बसता कामाला लागले की दिवसभर म्हाताऱ्यांवर खेकसते. तुम्ही?"

"मी विश्वस्तांवर."

दोघं इतक्या मोठ्याने हसले की प्राध्यापक ध्वनिमुद्रक हातात धरून धावत आले. "काय चाललंय? अनुभवाबद्दल बोलताय? थांबा, चालू करतो!"

"नाही हो," भन्ते म्हणाले, "आपण माणसांवर का खेकसतो त्याबद्दल बोलतोय."

प्राध्यापकांनी ध्वनिमुद्रक बंद करून खिशात ठेवला.

पुढे मोठ्या सभागृहात परिषद भरली. पडद्यावर दोन लाटा, एक निळी आणि एक केशरी, एकमेकींवर अलगद सरकून एक झाल्या तेव्हा टाळ्यांचा कडकडाट झाला. प्राध्यापकांनी त्या अवस्थेला 'महामौन' असं नाव दिलं आणि ते त्यावर इतका वेळ बोलले की पुढच्या वक्त्याला बोलायला वेळच उरला नाही. मग त्यांनी मंचावर बसलेल्या सिस्टरांपुढे माईक धरला.

"आम्ही झोपलो होतो," सिस्टर म्हणाल्या.

पहिल्या रांगेतल्या एका बाईंनी डोळे पुसले. "किती ही नम्रता!" त्या शेजारणीला म्हणाल्या. पुन्हा टाळ्या झाल्या.

भन्त्यांनी माईक ओढून घेतला. "अहो, खरंच झोपलो होतो! मी तर घोरत होतो!"

"भन्ते इथे 'झोप' हा शब्द कोणत्या अर्थाने वापरतात, हे समजून घेतलं पाहिजे," प्राध्यापक हसून म्हणाले, आणि सगळ्यांनी वह्या उघडल्या.

तेवढ्यात विहाराचे एक विश्वस्त उभे राहिले. निळी लाट केशरीपेक्षा किंचित उंच दिसते, निळी भन्त्यांचीच ना, असं त्यांनी विचारलं. हो म्हटल्यावर ते समाधानाने बसले. लगेच चर्चच्या समितीचे सचिव उठले: उंचीचं सोडा, केशरी लाट आधी सुरू झालेली आहे. "आधी म्हणजे काय? उथळ आहे ती!" "उथळ कोणाला म्हणता?" बघता बघता दोन्ही बाजूंची माणसं खुर्च्या सरकवून उभी राहिली. कालपर्यंत ज्या लाटांचं कुणाला काही देणंघेणं नव्हतं, त्यांच्यावरून एकमेकांचे पूर्वज निघाले. शेवटी चहा आल्याची घोषणा करावी लागली.

गर्दी पांगल्यावर प्राध्यापक मंचामागच्या खोलीत आले. दोघं साधक तिथे बिस्किटं खात बसले होते. प्राध्यापकांनी दार लोटून घेतलं.

"खरं सांगा," ते हळूच म्हणाले. त्यांचा आवाज आता व्याख्यानाचा नव्हता. "मला कधीच काही होत नाही. मी बसून पाहिलंय. माझं काय चुकतं?"

सिस्टरांना त्यांची दया आली. "काही चुकत नाही. आम्हालाही फारसं काही होत नाही."

हे ऐकून त्यांना हलकं वाटेल अशी सिस्टरांची समजूत होती. पण प्राध्यापकांचा चेहरा लालबुंद झाला. "असं कसं? मग मी इतकी वर्षं लिहिलं ते कशावर?"

"ते आम्ही कसं सांगणार?" भन्ते म्हणाले. "आम्ही वाचलं नाही."

प्राध्यापक दार आपटून गेले. पुढच्या वर्षी त्यांनी जास्त समजूतदार असे दुसरे दोन साधक मिळवले, ज्यांना विचारलं की प्रकाश दिसायचा. आता विद्यापीठात त्यांचं स्वतंत्र केंद्र आहे, आणि तिथल्या आरामखुर्च्यांसाठी आधी नाव नोंदवावं लागतं.

भन्ते अधूनमधून सिस्टरांच्या आश्रमात जातात. न झोपणाऱ्या आजोबांच्या उशाशी बसतात, म्हणजे सिस्टरांना तासभर पडता येतं. नंतर दोघं विश्वस्तांना आणि मदर सुपीरियरना यथेच्छ नावं ठेवतात. एकदा फक्त देव आहे की नाही यावर विषय गेला. सिस्टर म्हणाल्या, आहे. भन्ते म्हणाले, नाही. बरीच जुंपली, चहा गार झाला. त्या मुद्द्यावर दोघांचं अजूनही पटलेलं नाही.