आरतीच्या ताटाआडचा देवमन

त्या दिवशी सकाळपासून आभाळ कुंद होतं. वारा सुटला की बांबूवरची अँटेना फिरायची आणि माझ्या काचेवर मुंग्याच मुंग्या. छपरावरून कोणी ओरडायचं, "आता दिसते का?" खालून सगळे, "थांब थांब, गेलं!"

मी लाकडी दारांचा काळा-पांढरा टीव्ही बोलतोय. मेडशी गावात पहिला आलो तो मीच. इंद्रभान ठेकेदाराच्या ओसरीत, खिडकीला पाठ लावून मला ठेवलं होतं. लोक चपला बाहेर काढून माझ्यासमोर बसत.

त्या दिवशी दिल्लीच्या मैदानात गावचा देवमन पळणार होता. ढेकळांतून अनवाणी पळून तयार झालेला पोरगा. ओसरी भरून गेली. त्याची माय रामीबाई आरतीचं ताट घेऊनच आली. पहाटेच्या गाडीच्या घाईत तो न ओवाळताच निघून गेला होता, ते तिच्या मनाला लागलं होतं.

देवमन सगळ्यांच्या मागं राहिला. पुढच्यांची शर्यत संपली, तेव्हा कुठं तो एकटा माझ्या काचेवर आला. रामीबाई उठली आणि मला ओवाळायलाच लागली. तिच्या पाठीआड सगळं झाकलं.

"अवो मामी, सरका ना बाजूले!"

"आमाले बी पाहू द्या ना!"

ती हटेना. ती बाजूला झाली तोवर देवमन काचेवरून गेलेला.

तो रिकाम्या हातानं परतला. पारावर लोक विचारत, "काहून रे देवमन, पळत होता का पाणी वाटून राह्यला होता?" रामीबाई सांगायची, "म्या पाह्यलं ना!" पण मायचं कोण खरं धरतो? पुढं ती गेली.

घरोघर रंगीत टीव्ही आले आणि मी गोठ्यात पडलो. माझ्यावर कोंबडी बसायची. देवमननंच मला मागून, डोक्यावर घेऊन घरी नेलं. आता तो म्हातारा झालाय. रोज संध्याकाळी माझी काच पुसतो. बंद काचेत त्याला त्याचंच तोंड दिसतं. मग हळूच विचारतो, "मायनं खरंच पाह्यलं होतं का रे? का मायेपोटी तसं म्हणे?"

पाहिलं होतं रे. पण माझा आवाज कधीचाच गेलाय.

आज भंगारवाला दारात आला. सून म्हणाली, "मामाजी, देऊन टाका ते डबडं." देवमननं मला उचलून अंगणात ठेवलं आणि शेवटचं पुसू लागला. माणसांनो, मला मोडा, तांबं काढा, माझी तक्रार नाही. याला तेवढं कोणी सांगा.

शेजारची गंगू कुंपणापाशी उभी होती. शर्यतीच्या त्या दिवशी ती नवी सून होती. पुरुषांत बसायची सोय नव्हती, म्हणून माझ्यामागच्या खिडकीशी, बाहेरच उभी राहिली होती. मला पाहून ती जवळ आली, तसं देवमननं तिला विचारलं, "वहिनी, तवा तुमी होत्या ना, म्या दिसलो होतो का याच्यात?"

"भाऊजी, मले मागून टीव्ही कुठं दिसते? मले तुमच्या मायचं तोंड दिसत होतं. ताट हातात तसंच थांबलं होतं, अन् काचीले म्हणून राह्यली होती, हळू पळ रे बापा, दम लागला तुले."