पुन्हा आत ये

धाकट्या भावाच्या प्रत्येक नाटकाला प्रॉम्प्टिंग अक्काचंच. मांडीवर नाटकाची वही, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, आणि विंगेतलं एक मोडकं स्टूल. सगळी कंपनी त्याला दादा म्हणे, पण रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी तो विचारायचाच, "अक्का, आहेस ना?"

"नाही, माहेरी गेलेय. जा आता."

खरं तर तिची गरज त्याला कधी पडलीच नव्हती. स्वतःचंच काय, समोरच्याचंही त्याला तोंडपाठ. एकदा समोरचा नट वाक्य विसरला, तेव्हा दादानं असा काही प्रश्न टाकला की ते वाक्य आपोआप त्याच्या तोंडी आलं आणि टाळीही त्यालाच मिळाली. "तुझी टाळी गेली की रे," अक्का म्हणाली, तर म्हणे, "जाऊ दे ग, त्याची बायको आलीय आज."

मग टीव्हीवरची मालिका आली आणि दादा बारा वर्षं घरोघरचा आजोबा झाला. तिथं चार ओळी बोलायच्या, चुकलं तर "पुन्हा घेऊ" म्हणायचं, की झालं. मालिका संपल्यावर, बहात्तराव्या वर्षी, त्यानं आपलं जुनं बापाच्या भूमिकेचं नाटक पुन्हा काढलं. शनिवारी दुपारी पहिला प्रयोग. मेकअप करताना तो आरशातल्या अक्काला म्हणाला, "आज अडखळलो, तर पुन्हा तोंडाला रंग लावणार नाही."

तो बोलला की करून दाखवायचा. घरात नुसता बसून राहिलेला दादा अक्काच्या डोळ्यांसमोर आला.

पहिला अंक झकास झाला. दुसऱ्यात, दहा वर्षांपूर्वी घर सोडून गेलेली मुलगी परत येते. ती दारात येऊन म्हणाली, "बाबा, मी आलेय." दादानं तोंड उघडलं, पण शब्द फुटेना. तो होता पार दुसऱ्या टोकाला. अक्कानं वाक्य दिलं, ते पोचलं नाही. आणखी मोठ्यानं द्यावं, तर पहिल्या रांगेला ऐकू जाणार. तेवढ्यात बारा वर्षांची सवय बोलून गेली.

"थांब," दादा म्हणाला, "पुन्हा घेऊ."

आपण काय बोललो ते दादाच्याही ध्यानात आलं. कान लाल झाले त्याचे. मग तो मुलीकडे वळला आणि हळू, पण शेवटच्या रांगेला पोचेल अशा आवाजात म्हणाला, "बाहेर जा. पुन्हा आत ये. शाळेतून यायचीस, तशी ये."

मुलीचं काम करणारी नवखी पोर विंगेत आली. "अक्का, हे नाटकात नाहीये."

"आता आहे. दप्तर टाकायचीस तशी बॅग टाक. जा."

तोवर दादा काठी टेकत विंगेजवळच्या खिडकीशी येऊन उभा राहिला, लेकीची वाट बघणाऱ्या बापासारखा. अक्कानं वाक्य दिलं. त्यानं मानही हलवली नाही, पण खांदे सैल झाले.

पोरीनं धाडकन बॅग टाकली. "बाबा, मी आलेय."

"हातपाय धू. जेवायला बसू," दादा म्हणाला.

टाळी पडली नाही. अख्खं थिएटर नाकं ओढत होतं. शेकडो प्रयोग ऐकलेल्या अक्कालाही चष्मा पुसावा लागला.

प्रयोगानंतर दादा खुर्चीत टेकला. "अडखळलो ग."

"अडखळलास की. मी काय आंधळी आहे?" तिनं पेन्सिल काढली. "दिग्दर्शक म्हणतोय, हे असंच ठेवायचं. 'बाहेर जा' लिहू की 'जा बाहेर'? नक्की काय म्हणालास?"

रंग पुसणारा दादाचा हात थांबला. "तसं नको लिहूस. उद्या बहुतेक मी तिला खिडकीतून हाक मारेन. जागा सोडून ठेव."

अक्कानं चार ओळींची जागा सोडली. मग विचार करून आणखी दोन.